वद्य पंचमीची पहाट

बसा. खुर्चीवर, पाटावर, खाटेच्या कडेवर, जिथे पाठ आपसूक सरळ राहील तिथे. ज्या पहाटेची आपण वाट बघणार आहोत ती यायला अजून रात्र सरायची आहे, आणि ती लवकर यावी म्हणून आपल्याला काहीही करता येण्यासारखं नाही. एवढं एकदा मनाला सांगून टाका. खांदे खाली सोडा. दातांवर दात आवळलेले असतील तर सैल करा. श्वास जसा चालला आहे तसा चालू दे. तो ओढायचा नाही, नुसता ऐकायचा.

आता पायांखाली वाळू आहे असं समजा. आपल्या किनाऱ्यांवरच्या बारीक रेतीसारखी ही नाही. हिचे दाणे गोल आणि जाड, मिरीएवढे. तिथले लोक हिला मिरीची वाळूच म्हणतात. पाऊल टाकलं की घोट्यापर्यंत रुततं आणि दाणे बोटांच्या बेचक्यांत शिरतात. तसेच असू द्या त्यांना. हे लोंबोक बेट आहे, इंडोनेशियातलं, बालीच्या अगदी शेजारी पूर्वेला. १८५६ साली आल्फ्रेड रसेल वॉलेस बालीहून इकडे आला आणि मधली एवढीशी सामुद्रधुनी ओलांडताच पक्षी बदललेले पाहून चकित झाला. आपण मात्र पक्ष्यांसाठी आलेलो नाही. आपण दक्षिण किनाऱ्यावर, कुता गावाजवळच्या सेगेर नावाच्या पुळणीवर उभे आहोत. एका बाजूला बुटकी हिरवी टेकडी, समोर हिंदी महासागर. हा तोच समुद्र, ज्याचा एक हात अरबी समुद्र म्हणून आपल्या कोकणाला लागतो. तेव्हा पाण्याला परकं समजायचं कारण नाही.

अंधारात एकटे नाही आहात तुम्ही. आजूबाजूला हजारो माणसं आहेत. चटया अंथरलेल्या, कडेवरची मुलं पेंगुळलेली, कुणाच्या हातात जाळीची झोळी, कुणाच्या हातात नुसतीच प्लास्टिकची बादली. हे सासाक लोक, या बेटाचे मूळ रहिवासी. बहुतेक सगळे मुसलमान, आणि बेटावर इतक्या मशिदी की याला हजार मशिदींचं बेट म्हणतात. पण आजच्या रात्री जे घडणार आहे ते त्यांच्या फार जुन्या आठवणीतलं आहे. तरुण मुलं-मुली पांतुन म्हणताहेत. चार ओळी एका बाजूने, उत्तराच्या चार ओळी दुसऱ्या बाजूने. आपल्याकडे सवाल-जवाब रंगतो तसंच. भाषा कळत नाही, तरी हसू कुठे फुटणार ते कळतं. ऐका थोडा वेळ.

या रात्रीला बाऊ न्याले म्हणतात. बाऊ म्हणजे पकडणं. न्याले म्हणजे समुद्रातले किडे.

किडे म्हटल्यावर मन जरा मागे सरलं असेल, तर सरू द्या. ते परत येईल.

तिथी कुठली आहे ते आधी बघू. सासाकांच्या दहाव्या महिन्याचा विसावा दिवस. त्यांचे महिने चंद्रावर चालतात. अमावास्येपासून मोजलं तर पंधरावी पौर्णिमा आणि विसावी म्हणजे आपली वद्य पंचमी. इंग्रजी महिना फेब्रुवारी, कधी मार्च. म्हणजे ज्या वद्य पंचमीला आपण एकमेकांवर रंग उडवतो, तिच्या बहुधा महिनाभर आधीची, माघातली पंचमी. कालची रात्र चतुर्थीची होती. काल महाराष्ट्रात घरोघर माणसं चंद्र उगवायची वाट बघत बसली असतील.

संकष्टीचा उपास तुम्ही कधी केला असेल, किंवा घरात कुणी करत असेल, तर एक गोष्ट तुम्हाला आतून माहीत आहे. पौर्णिमेला चंद्र सूर्य मावळता मावळता उगवतो. मग रोज साधारण पाऊण तासाने, कधी त्याहून थोडा अधिक उशिरा. चतुर्थीला तो नऊ-साडेनऊवर जातो. सूर्य गेला आणि चंद्र अजून आलेला नाही, असा एक काळोखाचा तुकडा दर संध्याकाळी वाढत जातो. माझी आजी त्या तुकड्यात बसायची. नैवेद्याचं ताट झाकलेलं, समई तेवती, आणि ती गॅलरीच्या गजांना धरून पूर्वेकडे तोंड करून उभी. ढग असले तर कालनिर्णयातली वेळ पाहून ती चंद्राला ओवाळायची. दिसला नाही म्हणून तो उगवला नाही असं तिला कधी वाटलं नाही. मला लहानपणी भूक लागलेली असायची आणि मी तिच्या पदराला ओढायचो. आता इतक्या वर्षांनी मला कळतं की ती काही करत नव्हती असं नाही. ती वेळ पाळत होती.

तुम्हीही त्या गजांना धरून उभे राहा थोडं. अंधार झालेला आहे. पूर्वेकडची इमारत, तिच्या गच्चीवरची टाकी, मागे आभाळ. अजून काही नाही. श्वास आत, श्वास बाहेर. अजून काही नाही.

आता त्याच अंधारातून पाण्याखाली उतरू. घाबरू नका, फार खोल जायचं नाही. किनाऱ्यालगतच्या प्रवाळखडकापर्यंत. प्रवाळाचा जुना, मेलेला चुनखडीचा दगड. त्याला भोकं पडलेली, भेगा गेलेल्या. त्या भोकांत एक प्राणी राहतो. आपल्या शेतातल्या गांडुळाचा दूरचा भाऊबंद. वलयी प्राणी, म्हणजे शरीर कड्याकड्यांचं, एकाला लागून एक कप्पे. न्याले म्हणून जे ओळखले जातात त्यांत एकाहून अधिक जाती असतात. त्यांतल्या पालोला या वंशाची चाल शास्त्रज्ञांनी नीट पाहिलेली आहे. हा प्राणी वर्षभर दगडातून बाहेर येत नाही. तिथेच खातो, तिथेच वाढतो. त्याला उजेडाचं वावडं आहे.

आणि मग वर्षातला एक काळ येतो जेव्हा त्याच्या शरीराचा मागचा भाग बदलू लागतो. या वाक्यापाशी जरा रेंगाळा, कारण मला स्वतःला ते वाचून पुढे जाता आलं नव्हतं. मागच्या भागातलं आतडं आक्रसतं. खाणं-पचवणं तिथे थांबतं. त्या प्रत्येक कप्प्यात नरामध्ये शुक्रपेशी आणि मादीमध्ये अंडी भरू लागतात, इतकी की दुसऱ्या कशाला जागा उरत नाही. नराचा हा भाग तांबूस-तपकिरी होतो, मादीचा निळसर हिरवा. आणि पालोलाच्या या मागच्या भागात कप्प्याकप्प्यावर उजेड ओळखणारा एकेक ठिपका असतो. डोळा म्हणावा इतका तो पुरा नाही. पण उजेड आहे की नाही एवढं त्याला कळतं. एकाच शरीराचं पुढचं टोक अंधाराला धरून राहणारं आणि मागचं टोक उजेडासाठी तयार होणारं.

ठरलेल्या रात्री तो मागचा भाग सुटतो. तुटतो म्हणणं चुकीचं होईल, कारण त्यात जखमेचं काही नाही. पिकलेलं फळ देठापासून सुटतं तसा तो सुटतो आणि पाण्याच्या पृष्ठभागाकडे पोहत निघतो. त्याला डोकं नाही, तोंड नाही. तो आता खाणार नाही आणि परत येणार नाही. डोकं मागे दगडातच आहे, जिवंत, आणि पुढच्या वर्षभरात ते आपलं हरवलेलं शरीर पुन्हा वाढवणार आहे.

हात पोटावर ठेवा. फार विचार करू नका. तुमच्यात असं काही आहे का, जे कुणाला न दाखवता, दगडाच्या आत, बराच काळ भरत आलेलं आहे? नाव देऊ नका त्याला. आहे एवढं पुरे. आणि नसेल तर नसेल, तेही ठीक. दगडातला प्राणीही वर्षातले बरेच दिवस नुसता दगडातलाच प्राणी असतो.

आता अडचण बघा. एका दगडातून एक न्याले वर आला आणि वर कुणीच नसलं, तर सगळं वाया. अंडी पाण्यात विरून जाणार, मासे खाऊन टाकणार. वर येण्याला अर्थ तेव्हाच, जेव्हा शेकडो दगडांतून लाखो न्याले त्याच रात्री, त्याच तासाला वर येतील. पण त्यांना एकमेकांचं तोंड दिसत नाही. हाक मारता येत नाही. शेजारच्या भोकात कोण आहे तेही ठाऊक नाही. मग ठरवायचं कसं?

वर चंद्र आहे.

भर पौर्णिमेचा चंद्रसुद्धा सूर्यापेक्षा सुमारे ४ लाख पटींनी मंद असतो. तो उजेड पाण्यातून गाळत, दगडाच्या भेगेतून आत कितीसा पोचणार? तरी पोचतो. न्यालेच्याच भाऊबंदांपैकी एक, युरोपाच्या किनाऱ्यावरचा प्लॅटिनेरीस नावाचा छोटा किडा प्रयोगशाळेत वाढवता येतो. १९६० साली कार्ल हावेनशिल्ड या जर्मन शास्त्रज्ञाने अशा किड्यांना रात्री मंद दिव्याचं खोटं चांदणं दाखवलं. दर महिन्याला मोजक्या रात्रीच दिवा लावायचा. आणि ते किडे त्या खोट्या चंद्राला धरून एकत्र वयात येऊ लागले. चांदणं न दाखवलेले मात्र महिनाभर विखुरलेले, कुणी आज तर कुणी बारा दिवसांनी. पुढे हेही दिसलं की दिवा लावणं बंद केलं तरी काही काळ आतला हिशोब चालूच राहतो. चंद्र दिसला नाही म्हणून तो उगवला नाही असं त्यांनाही वाटत नाही. अलीकडे व्हिएन्नातल्या संशोधकांना या किड्यात एक प्रथिन सापडलं आहे, जे उन्हाचा उजेड आणि चंद्राचा उजेड वेगवेगळा ओळखतं.

पौर्णिमेनंतर संध्याकाळी वाढत जाणारा तो काळोखाचा तुकडा, सूर्य गेल्यानंतरचा आणि चंद्र यायच्या आधीचा, हीच न्यालेला खूण होत असावी असं मानलं जातं. माझी आजी ज्या अंधारात उभी असायची, तोच. तिला हे कळलं असतं तर काय म्हणाली असती, मी पुष्कळदा विचार करतो. बहुधा काहीच म्हणाली नसती. ताटावरचं झाकण जरा सारखं केलं असतं आणि पुन्हा पूर्वेकडे बघितलं असतं.

शेजारच्या घरात, पलीकडच्या चाळीत, दूर कोल्हापुरात, नागपुरात, त्याच वेळी किती बायका अशा गजांना धरून उभ्या असतील हे तिला दिसत नव्हतं. पण त्या आहेत हे ठाऊक होतं. उपास एकटीने सोडतानाही ती एकटी नसायची.

इथे थांबा. तुमच्यासारखं कोण कोण या क्षणी जागं आहे, दिसत नसलं तरी? आजारी माणसाच्या उशाशी बसलेलं. रात्रपाळीला गेलेलं. पहाटेच्या परीक्षेसाठी उजळणी करणारं. मासेमारीला निघालेल्या होडीत दोर सावरणारं. एकेकाला दगडातल्या एकेका भोकात ठेवा. हाक मारायची गरज नाही.

किड्यांना तारीख कळते, पण माणसांना ती आधी ठरवावी लागते. गावोगावची माणसं कुठल्या पहाटे किनाऱ्यावर यायचं? यासाठी दर वर्षी सासाक वडीलधारी मंडळी एकत्र बसतात. त्या बैठकीला सांगकेप वारिगे म्हणतात. आता यातली गोची आपल्या पंचांगवाल्यांना चांगली माहीत आहे. चंद्राचे बारा महिने म्हणजे साधारण ३५४ दिवस. सूर्याच्या वर्षाहून अकरा दिवस कमी. नुसता चंद्र धरून चाललं तर दहावा महिना हळूहळू सरकत भलत्याच ऋतूत जाईल आणि किनाऱ्यावर माणसं असतील, न्याले नसतील. आपण दर ३२-३३ महिन्यांनी अधिक मास घालून तो हिशोब जुळवतो. सासाक मंडळी आभाळातल्या एका झुबक्याकडे बघतात. ते त्याला रोवोत म्हणतात. आपण त्याला कृत्तिका म्हणतो.

मे महिन्यात सूर्य कृत्तिकेत असतो, तेव्हा कृत्तिका दिसत नाहीत; उन्हाच्या लखलखाटात हरवलेल्या असतात. तो पुढे रोहिणीत सरकला, मृगाकडे निघाला की पहाटे पूर्वेला त्या पुन्हा दिसू लागतात. आपल्याकडे त्या दिवसांत शेतकरी नांगरून ठेवलेल्या जमिनीकडे आणि आभाळाकडे आळीपाळीने बघत असतो. तिकडे त्याच सुमाराला सासाकांचं वर्ष सुरू होतं, आणि तिथून मोजत आलेला दहावा महिना माघाच्या आसपास येऊन पोचतो. एकच झुबका, दोन किनारे. मला या गोष्टीचं नवल ओसरत नाही. वर बघणारी माणसं सगळीकडे होती आणि त्यांनी एकमेकांना काहीही न विचारता जवळजवळ तीच खूण धरली.

पूर्वेला आणखी दूर, मालुकू बेटांतल्या आंबोनवरही हे किडे वर येतात. रुम्फिउस नावाचा एक माणूस डच ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत तिथे आला, तिथेच राहिला आणि १६७० साली आंधळा झाला. तरी तो समुद्रातल्या जिवांविषयी सांगत राहिला, दुसरे लिहून घेत राहिले. तो गेल्यानंतर तीन वर्षांनी, १७०५ साली निघालेल्या त्याच्या पुस्तकात या किड्यांचं वर्णन आहे. डोळे गेल्यावर रात्रीच्या पाण्यातली ती वळवळ आठवून सांगणारा माणूस मनात आणा. पुढे पॅसिफिकमध्ये सामोआतही लोक जाळी घेऊन रात्री पाण्यात उतरतात, ऑक्टोबर-नोव्हेंबरात, चंद्र अर्धा होत असताना. सुंबा बेटावर राटो म्हणजे तिथले धर्मप्रमुख न्याले किती आले आणि कसे आले ते पाहून पिकाचं भाकीत करतात.

पण लोंबोकला एक गोष्ट सांगतात. ती सावकाश ऐकायची आहे, कारण मी तिच्यापाशी प्रत्येक वेळी अडखळतो.

तोंजांग बेरूच्या राजाला एक मुलगी होती, मांदालिका. आईचं नाव देवी सेरांतिंग. मुलगी देखणी होती, आणि प्रजेशी वागायला मऊ. कितीतरी राज्यांतून राजपुत्र तिला मागणी घालायला आले. एकाला हो म्हटलं की बाकीचे तलवारी उपसणार, गावं जळणार, हे तिला दिसत होतं. तिने सगळ्यांना निरोप धाडला: दहाव्या महिन्याच्या विसाव्या दिवशी, पहाट व्हायच्या आधी, सेगेरच्या किनाऱ्यावर या. ते आले. प्रजाही आली. ती टेकडीच्या कड्यावर उभी राहिली आणि म्हणाली की मी कुणा एकाची नाही, सगळ्यांची आहे. आणि तिने समुद्रात उडी घेतली. शोधाशोध झाली. ती सापडली नाही. पाण्यावर तेवढे न्याले वर आले, तांबडे, हिरवे, तपकिरी, अगणित. लोक म्हणाले, ही तीच आहे. म्हणून ते वाटून घेतले जातात. म्हणून एकट्याने नेत नाहीत.

सेगेरला आज तिचा पुतळा आहे, राजपुत्रांसकट. जवळच २०२१ मध्ये सुरू झालेला मोटारसायकल शर्यतींचा मार्ग आहे, त्यालाही तिचंच नाव. सुंदर गोष्ट आहे. आणि तरी माझ्या मनात ती पुरती उतरत नाही. पुरुषांनी लढू नये म्हणून मुलीने का मरायचं? गोष्ट सांगणारा हा प्रश्न विचारत नाही. आपण विचारू.

कारण असंच आपल्या इतिहासातही घडलेलं आहे, आणि तिथे समुद्र नव्हता. उदयपूरच्या महाराण्याची मुलगी कृष्णाकुमारी. जयपूर आणि जोधपूर, दोन्ही राजे तिच्यासाठी हटून बसले. लढाया झाल्या. दौलतराव शिंद्यांनी या भांडणात हात घातला. मराठी फौजांनी आणि अमीरखानाच्या पठाणांनी मेवाडचा मुलूख पिळून काढला. शेवटी १८१० साली, हे भांडण मिटावं म्हणून त्या सोळा वर्षांच्या मुलीला विषाचा पेला देण्यात आला. तिने तो घेतला. तिला कुणी तिथी ठरवू दिली नव्हती. तिची कुणी जत्रा भरवत नाही. मराठी माणसाने मांदालिकेची गोष्ट ऐकताना हे नाव सोबत ठेवावं असं मला वाटतं, कारण त्या पेल्यात थोडा आपलाही हात आहे.

थोडा वेळ या दोघींना शेजारी शेजारी बसू द्या. उत्तर शोधू नका. श्वास आत. श्वास बाहेर. एकीच्या केसांतून पाणी निथळतं आहे. दुसरीचे ओठ कोरडे आहेत.

मला मांदालिकेच्या गोष्टीत जे घट्ट धरून ठेवावंसं वाटतं ते तिचं मरण नव्हे. तिने तिथी दिली, ते. या दिवशी, या वेळी, या जागी. आणि शतकं गेली तरी तिने ती मोडलेली नाही.

आता रात्र उतरणीला लागली आहे. पांतुन थांबलं. मुलं झोपली. वाऱ्यात पावसाचा वास आहे. तिकडच्या पावसाळ्याचे हे शेवटचे दिवस, आणि न्यालेच्या रात्री वीज-पाऊस झाला तर लोक ती चांगली खूण मानतात. चंद्र ढगात असेल. नसला तर पाहा, तो डोक्यावरून जरासा पश्चिमेकडे कलला आहे, एका बाजूने झिजलेला. पौर्णिमेचं उधाण ओसरलं आहे आणि अष्टमीचा भांग अजून यायचा आहे. पाणी ना फार चढलेलं, ना फार उतरलेलं. गावाकडून फजरची अजान येते, आधी एका मशिदीतून, मग दुसऱ्या, मग किती ते मोजता येत नाही.

उठून पाण्यात उतरा. घोटे. पोटऱ्या. गुडघे. पाणी वाटलं होतं तितकं गार नाही. शेजारी एक म्हातारा उभा आहे, त्याने विजेरी पाण्याकडे धरली आहे. तो तुमच्याकडे बघत नाही. सगळे पाण्याकडेच बघताहेत, हजारो माणसं, आणि इतक्या गर्दीत एवढी शांतता तुम्ही कधी ऐकली नसेल.

आधी एक. विजेरीच्या उजेडात हिरवा दोरा वळवळला, गेला. काही झालं नाही असं वाटतं. मग तीन. मग तुमच्या गुडघ्याला काहीतरी हलकेच घासून जातं, आणि खाली बघता तर पाणी पाणी राहिलेलं नाही. शेवयांचं पातेलं कुणी सांडावं तसं ते सगळीकडून वर येतं आहे, तांबूस आणि निळंहिरवं, एकमेकांत गुंतत, सुटत, वळत. किनाऱ्याच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकच आरोळी उठते. मुलं जागी होतात. झोळ्या बुडतात, बादल्या बुडतात, हात बुडतात.

तुम्हीही हात बुडवा. ओंजळ करा. ती भरेल.

ओंजळीत जे आहे त्याला डोकं नाही. काल रात्रीपर्यंत ते एका दगडात होतं. शेजारच्या दगडात कोण आहे ते त्याला माहीत नव्हतं. आता ते सगळे एका ओंजळीत आहेत. मन मघाशी मागे सरलं होतं ना? आता कुठे आहे बघा.

उजाडत जाईल तसे ते फुटतील. त्यांच्यातलं सगळं पाण्यात सुटेल आणि पाणी गढूळ, दुधाळ होईल. काही वेळाने तेही निवळेल. लोक बादल्या घेऊन परततील. घरी न्यालेत खोवलेला नारळ आणि मसाला घालून, केळीच्या पानात गुंडाळून निखाऱ्यावर भाजतील, आपण पानगी भाजतो तसं. कुणी रस्सा करतील, कुणी किनाऱ्यावर उभ्याउभ्याच कच्चे खातील. थोडे भातखाचरात टाकतील. राजकन्या शेतात आली की पीक चांगलं येतं. शेजारी आला नसेल तर त्याच्यासाठी एक वाटी बाजूला काढतील.

तुमच्या ओंजळीतलं पाण्यात सोडून द्या. हात तसेच ओले राहू देत.

आणि आता शेवटचं एकदा त्या दगडाकडे जाऊ. वरचा कोलाहल तिथे पोचत नाही. भोकाच्या आत, अंधारात, पुढचा अर्धा भाग आहे. डोकं, तोंड, थोडे कप्पे. त्याला काय गेलं ते माहीत आहे की नाही, कोण जाणे. ते भेगेच्या कडेवरचं काहीतरी कुरतडतं. गेलेल्या जागी एक नवा कप्पा, अगदी पातळ, धरू लागला आहे.

लोंबोकला पहाटेचे पाच वाजतात तेव्हा महाराष्ट्रात रात्रीचे अडीच वाजलेले असतात. येत्या माघात वद्य पंचमीच्या त्या अडीच वाजता तुम्हाला जाग आली, पाणी प्यायला उठलात, तर खिडकीशी जा. चंद्र पूर्वेकडून बराच वर आलेला असेल. चतुर्थीचा उपास सोडून झालेला, ताट घासून पालथं घातलेलं, घर झोपलेलं. गजांना हात लावा. लोखंड गार लागेल.